मनाला माघारी आणताना

पुस्तक उघडे आहे, डोळे ओळींवरून नियमाने सरकत आहेत, पान संपताच हात आपसूक पुढचे पान उलटतो आहे, आणि तरीही चार पाने मागे पडल्यावर वाचकाच्या ध्यानात येते की जे वाचले त्यातील एक अक्षरही आपल्या पदरात पडलेले नाही. हा अनुभव ज्याने कधी घेतला नाही असा साक्षर मनुष्य विरळाच म्हणावा लागेल. या प्रसंगात मन भरकटले याचे आपल्याला वैषम्य वाटते, परंतु त्याहून विचार करण्याजोगी गोष्ट अशी की ते भरकटल्याचा पत्ता आपल्याला चार पाने लागलाच नाही. मन जेव्हा बाहेर पडते तेव्हा त्याच्या जाण्याची वर्दी देणारा घरात कोणी उरत नाही, कारण वर्दी ज्याने द्यायची तोच बाहेर पडलेला असतो. एकाग्रतेविषयी आपल्याकडे पुष्कळ लिहिले व बोलले गेले आहे, पण बहुतेक उपदेशाचा रोख मनाला जाऊ न देण्यावर असतो, आणि ती गोष्ट कोणाच्याच अखत्यारीतली नाही. ते गेल्याचे लवकर कळावे आणि कळताच आदळआपट न करता त्याला माघारी आणावे, एवढेच आपल्या हाती आहे; आणि जगातील बरेचसे भरीव काम तेवढ्याच बळावर झालेले आहे, असे माझे मत आहे.

डोळे वाचीत असताना मन गेलेले असते तेव्हा नेमके काय घडते, याचा छडा लावण्याचा एक सुंदर प्रयत्न अमेरिकेतील जोनाथन स्कूलर व त्यांच्या सहकाऱ्यांनी केला आणि तो २०१० साली प्रसिद्ध झाला. त्यांनी चार विद्यार्थ्यांना जेन ऑस्टेनची ‘सेन्स अँड सेन्सिबिलिटी’ ही कादंबरी पडद्यावर वाचावयास दिली आणि वाचन चालू असताना त्यांच्या दृष्टीची प्रत्येक हालचाल यंत्राने टिपून ठेवली. मन ठिकाणावर असलेल्या वाचकाची नजर परिचित, आखूड शब्दांवरून झरझर पुढे जाते आणि लांबलचक किंवा अनोळखी शब्दापाशी अंमळ रेंगाळते. मन निघून गेले की नजर एकंदरच मंदावते, आणि सोप्या शब्दाला थोडा वेळ, अवघड शब्दाला अधिक वेळ हा विवेक पुसट होत जातो. वाचकाने ‘माझे लक्ष नव्हते’ असे स्वतः कबूल करण्यापूर्वीच ही लक्षणे यंत्रावर उमटलेली असत. म्हणजे शरीराला जे ठाऊक झाले होते ते वाचकाला ठाऊक व्हायचे होते.

त्याच वर्षी प्रसिद्ध झालेल्या दुसऱ्या एका अभ्यासात हार्वर्ड विद्यापीठातील मॅथ्यू किलिंग्सवर्थ आणि डॅनियल गिल्बर्ट यांनी २,२५० प्रौढ व्यक्तींना दिवसातून अवचित वेळी मोबाइलवरून गाठून, ‘या क्षणी तुम्ही काय करीत आहात, आणि तुमचे मन त्यातच आहे का’ अशी विचारणा केली. जवळजवळ ४७ टक्के वेळा उत्तर नकारार्थी आले, आणि प्रणयाचा अपवाद सोडला तर असा एकही उद्योग निघाला नाही की ज्यात हे प्रमाण ३० टक्क्यांखाली उतरले. परीक्षेच्या अभ्यासाला बसलेला जो मुलगा ‘माझेच मन दुबळे’ म्हणून कुढत असतो त्याला हे आकडे कोणीतरी समजावून सांगायला हवेत. मनुष्याचा मेंदू वजनाने शरीराच्या सुमारे २ टक्के, पण शरीर जी ऊर्जा खर्च करते तिच्यातील सुमारे २० टक्के वाटा एकटा मेंदू उचलतो, आणि आपण स्वस्थ बसलो म्हणून त्याचा हा खर्च फारसा कमी होत नाही. उलट, बाहेरचे काम थांबताच मेंदूतील काही विशिष्ट प्रदेश अधिकच जागे होतात, आणि गतकाळाची उजळणी, भविष्याची तजवीज, इतरांच्या मनात काय असेल याची अटकळ असले व्यवहार तेथे चालू होतात, असे गेल्या पंचवीस वर्षांतील संशोधनातून दिसून आले आहे. भटकणे ही मनाची मूळ वहिवाट आहे. तिला विकार समजून तिच्याशी भांडत बसणाऱ्याची शक्ती भांडणातच खर्ची पडते.

मात्र मन गेल्याचे न कळण्याची किंमत कधीकधी प्राणांनी मोजावी लागते, आणि या विषयाच्या शास्त्रीय अभ्यासाला मोठी चालना मिळाली ती अशाच एका निकडीतून. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिश हवाई दलाची विमाने समुद्रावर तासन्‌तास गस्त घालून जर्मन पाणबुड्यांचा माग काढीत. रडारच्या पडद्यावर एखादा क्षीण ठिपका उमटला तर तो ताबडतोब ओळखणे हे एका माणसाचे काम असे. ठिपका क्वचितच उमटे; आणि उमटला तरी कित्येकदा, पडद्याकडे टक लावून बसलेल्या माणसाच्या डोळ्यांदेखत, तो निसटून जाई. ही माणसे प्रशिक्षित होती, आपल्या चुकीचा अर्थ काय होतो हे ती जाणून होती, तेव्हा त्यांच्यावर कुचराईचा ठपका ठेवणे अन्यायाचेच झाले असते. केंब्रिज येथील मानसशास्त्रज्ञ नॉर्मन मॅकवर्थ यांनी या प्रश्नाचा तपास हाती घेतला आणि त्यासाठी एक विलक्षण साधे उपकरण योजले, ज्याचे वर्णन त्यांच्या १९४८ सालच्या निबंधात आले आहे.

एक पांढरी, कोरी तबकडी; तिच्यावर आकडे नाहीत, रेघा नाहीत, नजर टेकावी अशी कसलीही खूण नाही. तिच्यावर एक काळा काटा, जो दर सेकंदाला एक पाऊल पुढे सरके आणि शंभर पावलांत एक फेरी पुरी करी. मधूनच, कोणताही अंदाज बांधता येणार नाही अशा अंतराने, तो एकदम दुप्पट उडी घेई. अर्ध्या तासात अशा बारा उड्या ठरलेल्या. उडी दिसली की हाताशी असलेली कळ दाबायची, एवढेच काम. खोलीत माणूस एकटा, आणि बैठकीची मुदत दोन तास. पहिला अर्धा तास उलटतो न उलटतो तोच निसटणाऱ्या उड्यांची संख्या वाढू लागे, अचूकता दहा ते पंधरा टक्क्यांनी खाली येई, आणि पुढे ती सावरत नसे. बसणाऱ्याला मात्र आपण पहिल्याइतक्याच निष्ठेने पाहत आहोत असे वाटण्याची पुरी शक्यता होती, कारण जी उडी दिसलीच नाही ती चुकल्याचे दुःख तरी कसे व्हावे?

मॅकवर्थ यांच्या प्रयोगांतील खरा बोधप्रद भाग पुढेच आहे. एका प्रयोगात बैठक चालू असताना मध्येच खोलीतील टेलिफोन वाजे आणि उरलेल्या वेळात काम अधिक चांगले करावे एवढाच निरोप मिळे. तेवढ्याने ढासळलेले लक्ष जवळजवळ पूर्वपदावर येई. दुसऱ्या एका प्रयोगात प्रत्येक उडीनंतर ‘टिपली’ किंवा ‘चुकली’ हे बसणाऱ्याला कळवले गेले, तेव्हा ती घसरण जवळपास टळली. अर्धा तास काम आणि अर्धा तास विश्रांती असा क्रम ठेवला तरीही तेच झाले. आता दोन तासांच्या शिणवट्याने डोळे व मेंदू खरोखरच निकामी झाले असते तर टेलिफोनवरच्या एका वाक्याने त्यांत पुन्हा बळ कोठून आले असते? काम करणाऱ्याला जाग आणणारे काहीतरी बाहेरून यावे लागते, आणि ते आले की मन आश्चर्यकारक तत्परतेने रुजू होते, असे या प्रयोगांवरून दिसते.

हे कळल्यावर आपल्या परंपरेतील काही साधनांकडे मी निराळ्या आदराने पाहू लागलो. जपमाळेचे १०८ मणी ओढताना ओठ नाम घेत राहतात आणि मन केव्हाच बाजाराला गेलेले असते, ही तक्रार संतांपासून सामान्यांपर्यंत सर्वांनी केली आहे. पण माळ घडवणाऱ्याने शेवटी एक मोठा मेरुमणी ओवून ठेवला आणि तो ओलांडायचा नाही असा दंडक घातला. बोट त्या मण्याला अडते, माळ फिरवून उलटी घ्यावी लागते, आणि त्या खटाटोपात गेलेल्या मनाला हाक पोहोचते. वैदिक पठणातील घनपाठाची रचना तर याहून काटेकोर आहे. तीन पदे घेतली तर पहिले-दुसरे, दुसरे-पहिले, पहिले-दुसरे-तिसरे, तिसरे-दुसरे-पहिले, आणि पुन्हा पहिले-दुसरे-तिसरे. मग एक पद पुढे सरकून पुन्हा तोच क्रम. संहितेचे एक अक्षरही इकडचे तिकडे होऊ नये म्हणून ही व्यवस्था झाली हे खरे, परंतु तिचा एक परिणाम असाही की शिकणाऱ्याचे मन हलले तर त्याची जीभ तत्काळ अडखळते, आणि समोर बसलेल्या गुरुजींना ते त्याच क्षणी कळते. सरळ ओळीने म्हटलेला श्लोक मन परगावी असतानाही पार पडतो. घन पार पडत नाही.

ज्याला नुसते एक पुस्तक नीट वाचायचे आहे त्याने यातून एवढे घ्यावे की वाचनाच्या वाटेवर अडणारे काहीतरी मुद्दाम ठेवून द्यावे. परिच्छेद संपला की बोट तेथे ठेवून, त्यात काय म्हटले ते आपल्या शब्दांत एका वाक्यात मनाशी म्हणावे. म्हणता आले नाही तर मन केव्हा गेले ते तिथल्या तिथे कळते आणि मागे जायचे तेही चार ओळीच मागे जावे लागते. हातात पेन्सिल असावी. व्याख्यानाला किंवा सभेला बसलेल्यांनी हाताला काही हलके काम द्यायलाही हरकत नाही. इंग्लंडमधील प्लिमथ विद्यापीठातील जॅकी अँड्रेड यांच्या २०१० सालच्या निबंधातील प्रयोगात एक कंटाळवाणा ध्वनिमुद्रित निरोप ऐकताना ज्यांना कागदावरील आकृत्या रंगवीत बसण्यास सांगितले होते त्यांना, नुसते ऐकणाऱ्यांपेक्षा, २९ टक्के अधिक तपशील आठवले. वहीच्या समासात वेलबुट्टी काढणाऱ्या विद्यार्थ्यावर खेकसण्यापूर्वी शिक्षकांनी हे ध्यानात घ्यावे.

नको असलेला विचार दडपून टाकण्याचा मार्ग मात्र कोणी धरू नये. डॅनियल वेगनर या अमेरिकन मानसशास्त्रज्ञांनी १९८७ साली काही विद्यार्थ्यांना पाच मिनिटे पांढऱ्या अस्वलाचा विचार अजिबात करू नका असे बजावले आणि तो आलाच तर घंटी वाजवायला सांगितले. घंटी वाजत राहिली. आणि पुढे अस्वलाचा विचार करण्यास मोकळीक दिल्यावर, ज्यांना पहिल्यापासूनच मोकळीक होती त्यांच्यापेक्षाही, या मंडळींच्या मनात ते अधिक वेळा आले. मात्र अस्वल आठवले तर त्याऐवजी एका लाल मोटारीचा विचार करा, असे ज्यांना सांगितले होते त्यांना हा उलटा तडाखा कमी बसला. म्हणजे मनाला मनाईहुकूम लागू पडत नाही. त्याला जाण्यासाठी दुसरी एक निश्चित जागा दाखवावी लागते. विल्यम जेम्स यांनी १८९० साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या मानसशास्त्रावरील महाग्रंथात हेच निराळ्या बाजूने सांगितले आहे. बुद्धिपुरस्सर दिलेले लक्ष एका दमात काही सेकंदांपलीकडे टिकत नाही, आणि आपण ज्याला दीर्घकाळ टिकलेली एकाग्रता म्हणतो ती वस्तुतः विषयाला पुनःपुन्हा परत आणण्याच्या छोट्या छोट्या प्रयत्नांची मालिका असते, असे त्यांचे निरीक्षण आहे. गीतेच्या सहाव्या अध्यायातही मन जेथे जेथे जाईल तेथून त्याला वळवून आणावयास सांगितले आहे. ते जाणारच नाही अशी हमी तेथेही कोणी दिलेली नाही, आणि अर्जुनाने मनाच्या दुर्निग्रहाची तक्रार केली तेव्हा श्रीकृष्णांनी ती नाकारलेली नाही.

या परत आणण्याचीच स्वतंत्र तालीम कोणाला करावयाची असेल तर तिची सोय आपल्या महाराष्ट्रात आहे. नाशिक जिल्ह्यातील इगतपुरी येथे सत्यनारायण गोएंका यांनी स्थापन केलेल्या धम्मगिरी केंद्रात १९७६ पासून विपश्यनेची दहा दिवसांची शिबिरे भरत आली आहेत. पहाटे चारला घंटा होते, साधकांनी मौन पाळावयाचे असते, आणि दिवसाकाठी सुमारे दहा तास बैठक असते. पहिले तीन दिवस काम एकच: नाकपुड्यांशी आत येणारा व बाहेर जाणारा श्वास जाणणे. श्वास लांबवायचा नाही, मोजायचा नाही, नाम जोडायचे नाही, नुसता जाणायचा. मन गेल्याचे ध्यानात आले की स्वतःला दोष न देता पुन्हा श्वासाशी यायचे. धार्मिक किंवा तात्त्विक भूमिका कोणाची काहीही असो, या तीन दिवसांची आखणी मला अतिशय शहाणपणाची वाटते, कारण तिच्यात मन गेले म्हणून कोणी नापास होत नाही; ते गेले नसते तर आणायचे कोणाला आणि शिकायचे काय? घरी रोज पंधरा मिनिटे एवढेच केले तरी काही आठवड्यांनी मनाचा बाहेरचा मुक्काम आखूड होऊ लागल्याचे जाणवते.

मनाला बाहेर ओढून नेणाऱ्या कारणांत अर्धवट राहिलेल्या कामांचा तगादा फार मोठा आहे. ब्ल्यूमा झायगार्निक या संशोधिकेने १९२७ साली बर्लिनमधील आपल्या प्रयोगांवरून असे मांडले की पुऱ्या झालेल्या कामांपेक्षा मध्येच तोडलेली कामे माणसाच्या अधिक स्मरणात राहतात. पुढील काळातील पडताळ्यांत हा निष्कर्ष सर्वत्र सारखा उतरला नाही, पण विजेचे बिल भरायचे राहिले आहे हे नेमके गणित सोडवतानाच का आठवते, हे कोणालाही सांगावे लागत नाही. २०११ साली मॅसिकॅम्पो आणि बॉमाइस्टर या मानसशास्त्रज्ञांनी दाखवले की राहिलेले काम प्रत्यक्ष पुरे केले नाही तरी ते केव्हा, कोठे व कसे करायचे याचा नेमका बेत आखला की त्याचा उपद्रव शमतो. म्हणून कामाला बसताना शेजारी एक कोरा कागद असावा. बिल आठवले की त्यावर ‘उद्या सकाळी, दूध आणायला जाताना’ एवढे टाचण करावे आणि पुढे जावे. नुसते ‘बिल’ लिहून भागत नाही. वेळ ठरली की मन तो विषय तहकूब करायला राजी होते. भ्रमणध्वनीचा बंदोबस्त याच सदरात येतो. मॅकवर्थ यांचा टेलिफोन माणसाला त्याच्या कामाशी परत आणीत होता. आपल्या खिशातला त्याला कामापासून दूर बोलावतो, आणि म्हणून कामाच्या वेळी तो दुसऱ्या खोलीत असावा, याहून सोपा व खात्रीचा उपाय मला ठाऊक नाही.

पतंजलींनी चित्ताला विक्षिप्त करणारे नऊ अंतराय सांगितले आहेत आणि त्यांत पहिले स्थान व्याधीला दिले आहे, हे मला मोठे मार्मिक वाटते. ज्याची झोप पुरी झालेली नाही, जो उपाशी आहे किंवा नुकताच भरपेट जेवून उठला आहे, त्याने आपल्या इच्छाशक्तीची परीक्षा पाहत बसण्यापेक्षा आधी शरीराची थकबाकी भागवावी. मनात एखादे दुःख ताजे असेल तर काही काळ मन तेथेच जाणार, आणि त्याला तेवढी सवलत द्यावी. काही मुलांच्या व प्रौढांच्या बाबतीत लक्ष न टिकणे हा लहानपणापासूनचा, शाळा, घर व नोकरी सर्वत्र आडवा येणारा प्रकार असतो. तेथे रागावणे निरुपयोगी आणि क्रूरपणाचे आहे, तज्ज्ञ वैद्यांचा सल्ला घ्यायला हवा.

भटकंतीचा हक्क मनाकडून अजिबात काढून घ्यावा असेही मी म्हणणार नाही. फ्रेंच गणिती आंरी प्वांकारे यांना एका अवघड प्रश्नाची उकल कुतांस या गावी घोडागाडीच्या पायरीवर पाय ठेवताक्षणी झाली, त्या वेळी ते सहलीला निघाले होते आणि गणित त्यांच्या डोक्यात नव्हते. ही कथा सांगणारे बहुधा एवढ्यावरच थांबतात. पण स्वतः प्वांकारे यांनी त्या सहलीपूर्वी टेबलाशी बसून केलेल्या निकराच्या श्रमांचाही तितकाच स्पष्ट उल्लेख केला आहे, आणि उत्तर सुचल्यावर घरी परतून त्याचा पडताळाही घेतला आहे.

शेवटी जागेचा प्रश्न उरतो, आणि तो केवळ व्यक्तीचा नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचे मुंबईतील विद्यार्थिजीवन परळच्या चाळीतील एका खोलीत गेले; सारे कुटुंब तेथेच राहत असल्यामुळे ते संध्याकाळी लवकर निजत आणि वडील त्यांना रात्री दोनच्या सुमारास अभ्यासाला उठवीत. शाळा सुटल्यावर चर्नी रोडच्या बागेत ते वाचीत बसत, आणि तेथेच कृष्णाजी अर्जुन केळुसकर गुरुजींची दृष्टी त्यांच्यावर पडली. अशा असामान्य निग्रहाची कथा सांगून आजच्या मुलांना लाजवण्यात काही अर्थ नाही. दोन खोल्यांत सहा माणसे, दूरचित्रवाणी आणि स्वयंपाक एकत्र नांदत असतील तर तेथील मुलाला एकाग्रतेवर व्याख्यान देणे हा त्याच्यावर अन्यायच आहे. पुण्याच्या सदाशिव पेठेत स्पर्धा-परीक्षांच्या विद्यार्थ्यांनी अभ्यासिका भरून जातात, दरमहा पैसे भरून मुले तेथे एक खुर्ची आणि एक दिवा मिळवतात, यावरून ही गरज किती खरी आहे ते कळते. महाराष्ट्रात सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा १९६७ पासून आहे. ग्रंथालयाच्या इमारतीत एक खोली पहाटे पाचपासून रात्री दहापर्यंत, पंखा, दिवा, पिण्याचे पाणी आणि मुलींना सुरक्षितपणे घरी परतता येईल अशी व्यवस्था, एवढे प्रत्येक नगरपालिकेने व मोठ्या ग्रामपंचायतीने उपलब्ध करून द्यावे, आणि तशी मागणी नागरिकांनी आपल्या प्रतिनिधींकडे लेखी करावी.